मामा पेरेंडिनेट करतात

इंग्रजी भाषेवर माझ्या थोरल्या मामांनी केलं तेवढं एकनिष्ठ प्रेम अख्ख्या हिंगोली जिल्ह्यात दुसऱ्या कुणी केलं नसेल, आणि तेही त्या भाषेतल्या फक्त एका क्रियापदावर. बाकीची इंग्रजी त्यांनी पगारासाठी शिकवली. गोरेगावच्या पोरांच्या कितीतरी पिढ्यांकडून त्यांनी भूत, वर्तमान आणि भविष्य घोकून घेतलं आणि निवृत्तीच्या दिवशी ती सगळी इंग्रजी शाळेच्या फळ्यावरच सोडून ते घरी आले. पण निरोपसमारंभात सहकाऱ्यांनी शाल-श्रीफळाबरोबर एक जाडजूड शब्दकोश हातात ठेवला आणि तिथंच घात झाला. नोकरीत असेपर्यंत मामांनी शब्दकोश म्हणून कधी उघडला नव्हता. "पोरांसमोर उघडला की पोरायला वाटतं, सरला येत न्हाई," हे त्यांचं कारण. निवृत्तीनंतर दुपारची झोप येईना, म्हणून ते तो शब्दकोश पोटावर ठेवून लोळायला लागले, आणि अशाच एका दुपारी त्यांना 'पेरेंडिनेट' हे क्रियापद सापडलं. अर्थ: एखादं काम परवावर ढकलणे.

मामा ताडकन उठून बसले. मामी ओसरीत ज्वारी निवडत होती. "अगं ऐकलंस का, इंग्रजाकडं उद्यावर ढकलायला येगळा शब्द हाय अन् परवावर ढकलायला येगळा!" मामीनं सुपातून मान वर न काढता सांगितलं, "मग त्याचं राज्य गेलं ते बराबरच झालं."

मामांवर या टोल्याचा परिणाम शून्य झाला. त्या दिवसापासून त्यांनी ते क्रियापद नुसतं वापरलं नाही, ते त्यात राहायलाच गेले. मी त्यांची भाची, हिंगोलीला दिलेली. सणावाराला आणि बिनसणावाराला जीप पकडून गोरेगावला जाते, त्यामुळे या मुक्कामाची मी साक्षीदार आहे. मामांनी त्या शब्दाचे कडक नियम केले होते. परवा म्हणजे परवाच. 'बघू कधीतरी' म्हणणाऱ्याला ते हलक्या दर्जाचा माणूस समजत. परवा उजाडला की काम पुन्हा समोर घ्यायचं, त्याच्याकडे नीट बघायचं आणि मग पूर्ण शुद्धीत ते पुन्हा परवावर टाकायचं. "आळशी माणूस काम विसरतो, पोरी. पेरेंडिनेट करणारा ध्यानात ठिवून करत न्हाई. हा फरक समजून घे." मी समजून घेतला. मामीनं घेतला नाही.

अंगणाचं फाटक या क्रियापदाचा पहिला बळी. त्याची बिजागरी तुटली तेव्हा मामांनी ते सुतळीनं खांबाला बांधलं आणि दुरुस्ती पेरेंडिनेट केली. एक दिवसाआड ते फाटकापाशी जात, सुतळी तपासत, मान डोलवत आणि "परवा" म्हणून आत येत. शेवटी एका धनगराच्या शेळ्यांनी सुतळी खाल्ली, मग फाटक ओलांडून मामीची मेथी खाल्ली, आणि धनगर मामांचीच माफी मागायला आला. मामा त्याला मोठ्या मनानं म्हणाले, "माफीचं परवा बघू. तवर शेळ्या बांधून ठिव."

पण खरं सांगायचं तर या शब्दानं गावाचं भलंही केलं. मामांच्या शेजारी दोघे भाऊ राहतात. एकदा शेताच्या बांधावरून दोघं एकमेकांची गचांडी धरून मामांच्या ओसरीत आले. सर न्याय करतील, असा त्यांचा समज. मामांनी दोघांना पाणी दिलं आणि सांगितलं, "भांडण चांगलं हाय. जपून ठिवा. परवा सकाळी इथंच करू, मी मोकळा हाय." दोघं चिडून गेले. परवा सकाळी दोघं एकाच मोटारसायकलवर बसून आले आणि धाकटा म्हणाला, "सर, आमाला आज सेनगावला जायचंय, सोयाबीनचं बी आणायला. भांडण राहू द्यावं का?" मामांनी नाराजीनंच परवानगी दिली. त्यांना ते भांडण बघायचं होतं.

हळूहळू शब्द गावात रुळला. शिंपी आधी कारणं सांगायचा, आता "पेरेंडिनेट हाय सर" म्हणून छाती काढायला लागला. मामा त्याला टोकायचे: तू ब्लाऊज देतो परवा म्हणून अन् देतो पुढल्या महिन्यात, तो निव्वळ खोटारडेपणा, त्याला माझं क्रियापद लावू नको. इंग्रजीच्या गरिबीवरही त्यांची टीका सुरू झाली. "इंग्रज परवापाशी थकला. तेरवाला त्याच्याकडं शब्दच न्हाई. आपण बघ, तेरवापर्यंत जातो." ही थोरवी कशी मिरवावी, हे मात्र त्यांना अजून सुचलेलं नाही.

मामांची मुलगी सुजाता गावातल्या औषधाच्या दुकानात काम करते. शांत मुलगी. वडिलांच्या या नादावर ती कधी चिडली नाही. रोज सकाळी केस विंचरता विंचरता ती सांगायची, "पप्पा, आज फाटक हाय, लाइटच्या बटनाचं हाय, अन् काकांना फोन करायचाय." मामा एकेका कामावर विचार करायचे आणि एकेक परवावर टाकायचे. मग ती वेणी घालून दुकानावर जायची.

तिच्यासाठी पुसेगावचं स्थळ आलं. मुलगा सिद्धेश्वरच्या धरणावर नोकरीला, घरची शेती, माणसं साधी. आमच्याकडे बघण्याच्या कार्यक्रमाची एक रीत आहे: मुलाकडच्यांनी पोहे खायचे, चहा प्यायचा, चपला घालता घालता "घरी जाऊन कळवतो" म्हणायचं, आणि मग मुलीच्या बापानं फोनकडे टक लावून बसायचं. त्या दिवशी मात्र मुलाचा बाप पोहे संपायच्या आत म्हणाला, "सर, आमाला पोरगी पसंत हाय." मुलगा खाली बघून हसला. दाराआड सुजाताही हसली. मी तिच्या शेजारीच उभी होते. आणि मामा रुमालानं हात पुसत म्हणाले, "बरं. आमी परवा सांगतो."

पाहुणे चाट पडले. मुलीच्या बापानं वेळ मागितल्याचं त्यांनी ऐकलं नव्हतं. गावात मात्र मामांची वाहवा झाली. सरांनी रीतच उलटी करून दाखवली म्हणे. मामाही फुलून गेले. परवा आला, मामांनी पुसेगावला फोन लावला, तब्येतीची, पिकाची, पाण्याची चौकशी केली आणि म्हणाले, "परवा सांगतो." असे परवा येत राहिले. सुजाता आता सकाळी कामं सांगताना पुसेगावचं नाव शेवटी, हळू आवाजात घ्यायला लागली. मग एका शुक्रवारी मुलाच्या बापाचाच फोन आला. "सर, तुमच्याबद्दल आदर हाय. पण रविवारी आमाला दुसरीकडं पोरगी बघायला बोलावून राहिले. व्हय-न्हाई कळलं तर बरं." मामा म्हणाले, "परवा नक्की सांगतो."

रात्री सुजाताचा मला फोन. "ताई, पप्पायनं रविवारच देऊन टाकला गं. ते लोक तवा दुसऱ्याच्या घरी पोहे खात असतील." तिला तो मुलगा आवडला होता, आणि हे ती मला पहिल्यांदाच इतकं उघड सांगत होती.

शनिवारी सकाळी मी गोरेगावात. मामांशी वाद घालण्यात अर्थ नव्हता, मी वाद घातला असता तर त्यांनी तोही परवावर टाकला असता. मी आणि मामी स्वयंपाकघरात बसून विचार करत होतो, तेवढ्यात ओसरीतून आवाज आला, "चहा?"

मामी पदर खोचून दारात गेली आणि ठणकावून म्हणाली, "चहा पेरेंडिनेट केला."

मामांचा चेहरा असा उजळला की मला त्यांची दया आली. "शाब्बास! काय बराबर वापरलंस! पोरी, ऐकलंस? इतक्या वर्षांत हिच्या तोंडून पहिल्यांदा इंग्रजी क्रियापद, अन् एकदम मुद्द्याला!" ते हात चोळत बसले. चहा आला नाही. अर्ध्या तासानं त्यांनी आंघोळीच्या पाण्याबद्दल विचारलं. "ते बी," मामी म्हणाली. दुपारी वांग्याच्या भाजीचा वास ओसरीभर झाला, आम्ही दोघी चुलीपुढं बसून जेवलो, आणि मामांना ताट परवा मिळेल असं कळवण्यात आलं. भूक लागली तरी माणूस तत्त्वाचा. "नियमात बसतंय," ते स्वतःशीच म्हणाले, "मला काई बोलता येत न्हाई." मग गळा साफ करून माझ्याकडे वळले. "पोरी, हिंगोलीहून येताना काई खाऊ आणला न्हाई व्हय?"

"आणलाय की मामा. परवा देते."

त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी वर्गात कॉपी केली होती.

आम्ही दोघी तशाच रेटून बसलो असतो, पण दुकान बंद करून सुजाता जेवायला घरी आली, तिनं वडिलांचं तोंड पाहिलं आणि ताट वाढून नेलं. "पप्पा, जेवा." मामांनी ताट पुढ्यात घेतलं, भाकरीला हात लावला आणि तसेच बसले.

"काहून जेवत न्हाई?" तिनं विचारलं.

"तुला तिथं जायचंय?" मामांनी विचारलं. तिनं मान हलवली. मग मामा म्हणाले, "बाई, ध्यानात ठिवून काम न करणं ही विद्या हाय. इसरून न करणं हा निव्वळ आळस. मी हे समद्या गावाला शिकवलं. पण ध्यानात तर समदं तू ठिवत होतीस. तू गेलीस की मला कोण याद देणार? मग मी नुसता आळशी म्हातारा."

मामी दारात उभी होती, तिनं तोंड फिरवलं. मला वाटलं होतं मामांना मुलाचं घर पसंत नाही, पगार पसंत नाही, निदान आपल्या शब्दाचा माज सोडवत नाही. यातलं काहीच नव्हतं. त्यांना मुलगी सोडवत नव्हती, आणि त्यासाठी त्यांनी एक इंग्रजी क्रियापद पुढं केलं होतं. सुजाता रडत रडत हसली आणि म्हणाली, "पप्पा, आज शनिवार हाय. आज पुसेगावचा फोन हाय."

मामांनी खरकट्या हातानंच फोन घेतला. "पाहुणे, आमचा होकार हाय. आजच सांगतो. एकच अट हाय आमची. पोरीला एखादी गोष्ट एकदाच सांगत जा. पुन्यांदा सांगायची तकलीफ घेऊ नका, तिच्या ध्यानात राहतंय." फोन ठेवला आणि मग ते दोन भाकरी जास्त जेवले.

लग्न विहारात झालं, साधं आणि वेळेवर. पांढऱ्या साडीत सुजाता फार छान दिसत होती. वंदनेच्या वेळी मामांचा आवाज सगळ्यांच्या वर होता, पाठवणीच्या वेळी तो कुठंच नव्हता.

त्यानंतर मी मध्यंतरी गोरेगावला गेले. गप्पा झाल्या, शिंपी आणि इंग्रज या दोघांचीही निंदा झाली, आणि मला वाटलं, मामा आहेत तसेच आहेत. तेवढ्यात मामी म्हणाली, "बँकेत हयातीचा दाखला द्यायचा होता न तुमाला? सोमवारी जाणार होता." मी मामांकडे पाहत हसायच्या तयारीत बसले, ते क्रियापद येणार म्हणून. मामांनी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि गुडघ्यावरून हात फिरवत म्हणाले, "इसरलो गं."

स्वतःबद्दल हा शब्द त्यांच्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकला. मला फार वाईट वाटलं. मामी एरवी सोडणारी नव्हे. त्या दिवशी मात्र आत जाऊन तिनं पासबुक पिशवीत टाकलं, चप्पल पायात सरकवली आणि म्हणाली, "चला, मी येते संगं." मामा उठले आणि तिच्या मागं निघाले. परवा म्हणायचंसुद्धा त्यांना सुचलं नाही.