सोमारीनं हिरो बदलला

ऊर्जानगरच्या वीज केंद्रातल्या आमच्या कँटीनमध्ये सोमारी पोळ्या लाटते. पोंभुर्ण्याकडच्या जंगलातल्या गावची. बोलते कमी, आणि जेवणाच्या सुट्टीत आमच्यासारखीच मोबाइलवर लढाईचा गेम खेळते. त्यात पाच-पाच जणांच्या टीम असतात. आमच्या टीमचा कॅप्टन म्हणजे विक्की, हुद्द्यानं फिटर. कुणी गैरहजर असलं तरच तो सोमारीला बोलवायचा, आणि याचं तिला मनापासून वाईट वाटायचं. नागपूरच्या स्पर्धेआधी टीममधली पाचवी जागा रिकामी झाली, तेव्हा ती तिला हवीच होती.

जागेवर आणखीही काही जण टपले होते. विक्कीनं ठरवलं, सगळ्यांनी एकदा फ्री फॉर ऑल खेळायचं. त्यात टीम नसते, प्रत्येक जण बाकी सगळ्यांविरुद्ध. टपलेल्यांपैकी जो वर येईल त्याला जागा. टीमसाठी माणूस निवडायला असा मोड लावणं म्हणजे शहाणपणाची कमालच, पण कॅप्टनला सांगणार कोण?

गेममध्ये ज्याच्या रूपात लढायचं तो हिरो आपण निवडायचा असतो. सोमारी नेहमी हातोडेवाला घ्यायची. धिप्पाड, दणकट, चालीला मंद. सरावात ती एखाद्याला अर्धमेला करायची आणि तो आता आपलाच, अशा खात्रीनं सावकाश त्याच्या मागे जायची. तेवढ्यात दुसराच कुणी येऊन त्याला संपवायचा, आणि गुण त्या दुसऱ्याला. दुसऱ्यानं जखमी केलेला मात्र पायाशी आला तरी ही हात लावायची नाही. तिच्या गावात मोहाची फुलं गळायच्या आधी ज्यानं झाडाखालची जमीन झाडून घेतली, त्या झाडाची फुलं त्याची. वाटेनं जाणारा एकही उचलत नाही. हे ती आम्हाला गंभीरपणे समजावायची आणि आम्ही निर्लज्जासारखे हसायचो.

अखेर विक्कीलाच राहवलं नाही. हातोडेवाला सोड, सुरीवाली घे, म्हणाला. अंगात ताकद नाही, पण पळते झपाट्यानं. "इथी तुयं-माह्यं काई नसते, सोमारी. शेवटचा घाव ज्याचा, गुण त्याचा."

निवडीच्या दिवशी सगळ्यांचे हिरो ठरले तरी सोमारीचं बोट स्क्रीनवर घुटमळत होतं. शेवटी तिनं सुरीवाली घेतली. मग ती लढलीच नाही म्हणा ना. विक्कीच्या मागं मागं राहिली. तो झुंजून एकेकाला घायकुतीला आणायचा, ही झुडपातून निघून शेवटची सुरी मारायची आणि पसार व्हायची. टपलेल्यांतच काय, सगळ्यांत पहिली आली. कॅप्टनसाहेब पार तळाला.

विक्कीनं मोबाइल टेबलावर आपटला. स्वतःच शिकवलेलं विसरला गडी. "ते सगळे माहे होते," तो म्हणाला. खेळच तसा आहे, असं तिनं म्हणावं आणि मग आपल्याला भांडता यावं, म्हणून तो थांबला होता.

सोमारीचा चेहरा उतरलेला होता. "हो विक्कीभाऊ, तुमचेच होते," ती म्हणाली. "मले लाज वाटून राह्यली. पण जागा मी सोडत नाई."