अंगात थोडं उरू द्या

"अंगात थोडं उरू द्या, बाबू," असं म्हणून ते माझ्या हातातली सळई काढून घेत. अजून पाच वेळा सहज उचलता आली असती, असं मला नेमकं तेव्हाच वाटत असे.

सत्तरच्या दशकात मी जालन्याच्या मोंढ्यात एका अडतीवर कारकून होतो. असं म्हणणारे ते तिथेच हमाल. पन्नाशीचे, बुटके, रुंद पाठीचे. सगळे त्यांना मामा म्हणत. सकाळी कामाआधी मस्तगडमधल्या एका तालमीत ते आम्हा पाच-सहा जणांना व्यायाम शिकवत. वजनं म्हणजे तेलाच्या डब्यांत सिमेंट ओतून सळईच्या टोकांना बसवलेले गोळे.

पहिला महिनाभर त्यांनी मला नुसती सळईच दिली. "कमरंत वाकू नका. गुडघ्यात बसा, पाठ सरळ ठेवा, मंग उठा." मी श्वास कोंडला की पाठीवर हलकी थाप पडे. सोमवारी तालीम बंद. "अंग झोपंत वाढतंय, बाबू. ओझ्याखाली न्हाई."

तुम्हीही त्या वयात कुणाचं ऐकलं नसेल. एका सोमवारी मी गुपचूप तालमीत शिरलो, सगळ्यात जड सळई धरली आणि कमरेत उसण भरली. कुणीतरी मामांना बोलावलं. ते रागावले नाहीत. मला धरून जवळच्या आपल्या खोलीवर नेलं, निजवलं, कंबर शेकायला वीट तापत ठेवली.

पलीकडच्या बाजेवर मामी होत्या. त्यांचे पाय कधीचेच गेलेले. मामा त्यांच्यापाशी गुडघ्यात बसले, दोन्ही हात अंगाखाली घातले आणि त्यांना अलगद उचलून अंगणातल्या उन्हात नेऊन बसवलं.

"एकदा यांनी असंच जल्दीत पोतं उचललं," मामी तिथूनच मला म्हणाल्या, "अन् पाठ धरली. महिनाभर मला ऊन दिसलं न्हाई."

मामांनी तापलेली वीट फडक्यात गुंडाळून माझ्या कमरेखाली सरकवली. त्यानंतर मी कधी त्यांच्याशी हुज्जत घातली नाही.

तीन वर्षांनी मामी गेल्या. मामा तालमीत येत, आमच्या पाठी सरळ करत. स्वतः मात्र कुठल्याच सळईला हात लावत नसत. मग मंठ्याला लेकीकडे निघाले. मी स्टँडवर गेलो. त्यांची पत्र्याची पेटी टपावर चढवायची होती. आपलं ओझं त्यांनी कुणाला कधी उचलू दिलं नव्हतं. मी पेटीपाशी गुडघ्यात बसलो, तर ते बाजूला सरकले.

टपावर पेटी ठेवून मी खाली पाहिलं. मामा दोन्ही रिकामे हात, मामींना उचलताना धरत तसे, पुढे धरून उभे होते. त्या हातांचं काय करावं, हे त्यांना सुचत नव्हतं.