बांधाची वही

लेखी परीक्षेत मी पहिली आले होते. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे सगळ्यांनी ते सोयीस्कर विसरायचं ठरवलं.

आमचं गाव अलिबागकडच्या खारेपाटातलं. गावच्या पोलीस पाटलाची जागा निघाली, मी फॉर्म भरला. दुसरे उमेदवार माझे चुलतदीर. लेखीत माझ्या बरेच मागे. तोंडी परीक्षेत साहेबांनी मला विचारलं, "गावात मारामारी झाली तर घरच्यांना विचारून बाहेर पडाल का?" आणि समोरचे तिघंही हसले. हसण्यासारखं काय होतं, देव जाणे! मी म्हटलं, "आधी मारामारी सोडवीन, मग घरी सांगीन." यादी लागली तेव्हा तोंडीचे जवळजवळ सगळे मार्क भावोजींना, माझ्या वाट्याला चिमूटभर. बेरीज अर्थातच त्यांची जास्त.

एवढ्यावर मी कदाचित गप्पही बसले असते. पण पोलीस पाटील गावात राहणारा लागतो, आणि भावोजी राहतात मुंबईला. गणपतीला येतात, शिमग्याला पालखी नाचवतात, की परत चालले. त्यांना दाखला मिळाला 'कायम रहिवासी' म्हणून. कायम! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

मुंबईला न्यायाधिकरणात अर्ज केला. माझ्या वकीलबाई म्हणाल्या, "ते गावात राहत नाहीत याला पुरावा काय?" साक्षीला कोण येणार? ज्याला विचारावं तो म्हणे, भावकीतली भांडणं चव्हाट्यावर कशाला नेतेस. तेव्हा मला वही आठवली.

आमची शेतं खाडीला लागून. मध्ये फक्त मातीचा बांध. उधाणाला बांधाला खांड पडली, म्हणजे बांध फुटला, की खारं पाणी शेतात शिरतं आणि पुढची दोन-तीन वर्षं भाताचं नाव काढायला नको. म्हणून खांड बुजवायला घरटी एक माणूस यायलाच हवं, अशी गावकीची पद्धत. कोण आलं ते वहीत लिहायचं. आलेल्या घरापुढे 'हजर', कुलूप लावून गेलेल्या घरापुढे 'मुंबई'. माझं अक्षर चांगलं म्हणून अकरा वर्षं ही वही मीच लिहीत होते. भावोजींच्या घरापुढे दर वेळी 'मुंबई', 'मुंबई', 'मुंबई'.

गावकीचे म्हातारे अध्यक्ष दारात येऊन उभे राहिले. "सूनबाई, वही गावाभायेर जानार न्हाय."

"लिहिते मी, तर नेणारपण मीच," म्हटलं आणि वही पिशवीत घातली. त्या दिवसापासून निम्मं गाव माझ्याशी बोलत नाही. नका बोलू!

सुनावणीला भावोजींच्या वकिलांनी वही चाळली. सावकाश, चार-पाच पानं. मग चष्म्यावरून बघत म्हणाले, "यात अर्जदार बाईंचं नाव कुठे आहे?"

कुठेच नव्हतं. आमच्या घरापुढे माझ्या नवऱ्याचं नाव होतं. तो उरणला कंटेनर यार्डात कामाला, सुट्टी मिळेल तेव्हा घरी. दर खांडीला कमरेएवढ्या चिखलात उभी होते ती मी. पण घर पुरुषाच्या नावानं हजर लागतं, बाईचं नाव कुणी कधी लिहिलं नव्हतं, म्हणून मीही लिहिलं नाही. घमेलं टाकायचं, हात धुवायचे आणि नवऱ्याचं नाव लिहायचं. एकदासुद्धा हात अडखळला नाही.

"नवरा उरणला, आणि वहीत हजर. म्हणजे वही खोटी," वकील म्हणाले. "मग माझ्या अशिलापुढचं 'मुंबई' तरी खरं कशावरून?"

न्यायाधीशांनी विचारलं, "वही लिहिली कोणी?"

"मी."

"मग स्वतःचं नाव का नाही लिहिलं?"

भावोजींचा, दाखला देणाऱ्यांचा, हसणाऱ्या साहेबांचा मला राग होताच, पण त्या मिनिटाला सगळ्यात जास्त आला तो माझाच.

निकाल काय, तर भावोजींची नेमणूक थांबवा आणि दोघांच्याही रहिवासाची नव्यानं चौकशी करा. दोघांच्याही! चौकशीचे साहेब माझ्या ओटीवर बसले, मी केलेला चहा प्यायले आणि मलाच विचारतात, "बाई, तुम्ही इथेच राहता ना?"

"नाही," मी म्हटलं, "चहा मुंबईहून आलाय."

ती चौकशी अजून चालूच आहे. जागा रिकामी आहे. गेल्या अमावास्येच्या उधाणाला पुन्हा खांड पडली, दुपारपर्यंत बुजवली आणि मी बांधावर बसून वही उघडली. अध्यक्ष मागून वाकून बघत होते.

"घरात पुरुष हाय ना? त्याचं नाव लिव."

"पुरुष उरणला हाय," मी म्हटलं. "चिखलात मी हाय." आणि माझं नाव लिहिलं. पुढे 'हजर'.

शेजारची बाई पदरानं तोंड पुसत जवळ आली. इकडेतिकडे बघून हळूच म्हणाली, "माजं पन लिव."

तिचंही लिहिलं. मागची पानं मात्र तशीच आहेत. अकरा वर्षं, माझ्याच अक्षरात, नवऱ्याच्या नावानं.