चौथा खांब

आमच्या तालुक्याचा बसस्टँड पाडला, हे मला कुणी सांगितलं नाही. मी इकडे तिरुपूरला, बनियनच्या कारखान्यात, शिलाई मशीनवर. माझ्या डोक्यात स्टँड उभाच होता, आणि त्या डोक्यातल्या स्टँडवर मी माझ्या मायला पाठवलं.

तिथं फलाटांवर गावांच्या पाट्या होत्या, पण त्या वाचणाऱ्यांसाठी. बाकीच्यांसाठी खांब. आसेगावच्या बाजूची आमची माणसं चौथ्या खांबाला टेकायची. टेकून टेकून तो खालून काळा तुळतुळीत झाला होता. त्याच्या बुडाशी पिशवी ठेवून बाजारात खुशाल जावं. परत यायला उशीर झाला, तर कुणीतरी गाववालं पिशवी गाडीत टाकून घरी पोचवायचं. माय शाळेत गेलेली नाही. तिनं गाडीची पाटी कधी कुणाला विचारली नाही. खांब सापडला की गाडी सापडली.

नववीत माझी शाळा सुटली, त्या दिवशी दाखला घेऊन मी त्याच खांबापाशी बसले होते. घरी जावंसं वाटेना. दोन गाड्या सोडल्या. तेवढ्यात खिडकीतल्या कंट्रोलरसाहेबांनी भोंग्यावरून अख्ख्या स्टँडला ऐकवलं, "चौथ्या खांबाची निळ्या रिबिनीची पोरगी! हे तुही शेवटची गाडी हाय. चुकली तं मी काई तुले घरी नेऊन देत नाई!" लोक हसले. मी रडत चढले. त्या माणसाचे उपकार मी अजून मानते. माझ्यावर कुणाचं तरी लक्ष होतं.

गेल्या महिन्यात मायचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. आठ दिवसांनी तपासणी. सकाळी शेजारच्या काकूंनी तिला डॉक्टरपर्यंत सोडलं आणि त्या वाशीमला गेल्या. मी जेवणाच्या सुट्टीत फोन केला. "चौथ्या खांबापाशी बस. उठू नको. गाडी तिथंच लागते."

ती गेली. चौफेर पत्रे ठोकलेले. पण लेकीनं सांगितलंय म्हटल्यावर फटीतून आत शिरली. खांबाचा गुडघ्याएवढा बुंधा उरला होता, गजांचे तुकडे वर आलेले. त्याच्या शेजारी काळा चष्मा लावून बसली. जेसीबी चालू, सिमेंटची धूळ उडतेय. गाड्या बाहेर रोडवर, पेट्रोल पंपापाशी थांबत होत्या. तिच्या दोन गेल्या.

चौकीदार धावत आला. "अवं आजी, मरा लागते काय इथं? उठा!"

"मायी गाडी येते इथं."

"आता गाडी नाई, दुकानं येतात इथं. मोठाले!"

"मंग गाडी कुठी येते?"

त्यालाही नीट सांगता येईना. शेवटी त्यानंच हात धरून तिला आसेगावच्या ऑटोत बसवलं.

फोनवर मी तिच्यावरच ओरडले. "कोणाले विचारता नाई येत काय तुले?"

"तूच म्हणली ना, उठू नको."

मी कुणाला शहाणपण शिकवते? मला इथली तमिळ पाटी वाचता येत नाही. थांब्यावरची गजरेवाली दिसली की मी उतरते. ती एक दिवस दिसली नाही, तर मी पुढच्या थांब्यावर उतरून मागं चालत येते.

चुलतभावानं पत्र्यावरच्या फलकाचा फोटो पाठवला. काचेची इमारत, खाली दुकानं, वर दुकानं. बाकडं एकही नाही. नवं बांधा, माझी ना नाही. पण जुनं पाडायच्या आधी रोडवर चार पत्र्यांची शेड उभारता आली नाही? गाडी कुठं लागेल, हे तोंडानं सांगायला एक माणूस ठेवता आला नाही? ज्यांनी नकाशा काढला, त्यांच्यातलं कुणी कधी गाडीची वाट पाहत बसलं असेल का?

मायचा डोळा लाल झालाय. डॉक्टरनं गुरुवारी परत बोलावलंय, आणि ती म्हणते, "मी नाई जात आता. दुसरा डोळा हाय ना मले."

म्हणून मी सुट्टी मागितली. सुपरवायझरनं कारण विचारलं. मायला गाडीत बसवायचंय, म्हटलं. त्याला खोटं वाटलं. दीड-दोन दिवसांचा रेल्वेचा प्रवास, पाऊण तासाच्या गाडीसाठी. मलाही खोटंच वाटलं असतं.

मायला कळवलं तर म्हणाली, "येतं तं ये. पण थ्या चौकीदाराशी भांडजो नको. त्यानं मले पाणी पाजलं."

त्याच्याशी नाही भांडणार. त्याला मी हात जोडीन. ठेकेदाराचं ऑफिस कुठं आहे, ते मात्र चुलतभावाला विचारून ठेवलंय. तपासणी झाली की मायला घेऊनच तिथं जाणार आहे. तिला बसायला खुर्ची मागणार, आणि गाडी कुठं लागते हे ते सांगेपर्यंत आम्ही उठणार नाही.