आखणीला माणूस नव्हता

ही गोष्ट सांगायची मी पन्नास वर्षं टाळली. यशवंत गेल्याचा फोन त्याच्या पुतण्याने केला तेव्हाही टाळली, आणि गेल्या महिन्यात त्याच्या गावी, जोह्याला झालेल्या शोकसभेतही. तिथे एकामागून एक माणसं उठून सांगत होती, की हमरापूर-जोह्याच्या पट्ट्यात गणपतीचे डोळे यशवंतसारखे कुणी आखले नाहीत. मुंबईला जाऊन मोठा चित्रकार झाला असता, पण घरच्या मूर्तींच्या कारखान्यात आखणीला माणूस नव्हता म्हणून गावातच राहिला. मी दुसऱ्या रांगेत बसून मान हलवत होतो. तो राहिला तेव्हा आखणीला त्याचे दोन भाऊ होते. यशवंत माझ्यामुळे राहिला.

पेणच्या कॉलेजात आम्ही पहिल्या वर्षापासून एका बाकावर. मी रोह्याचा, पेणला खोली घेऊन राहणारा, कुणाशी फारसं न जमणारा. तो भेटला आणि मला वाटलं, आता दुसरं कुणी नको. त्यालाही दुसरं कुणी असू नये, असं कधी वाटायला लागलं ते आठवत नाही... त्याने दुसऱ्याच्या डब्यातली भाकरी खाल्ली तर मी दिवसभर उपाशी राहायचो. शनिवारी तो घरी निघाला की मीही त्याच एसटीत चढायचो. एका वर्गमित्राचं त्याने चित्र काढलं, ते मी फाडलं, आणि त्या मुलाला स्टँडमागे गाठून दगडाने त्याचं डोकं फोडलं. यशवंतने त्या मुलाच्या आणि त्याच्या वडिलांच्या पाया पडून प्रकरण मिटवलं. यशवंतची आई मला भाकरी वाढताना हसत म्हणायची, "मधू, माझ्या पोराची सावली तरी त्याला ठेव रे. ती पन तूच नेतोस." मला तो मान वाटायचा.

शेवटचं वर्ष संपल्यावर त्याने मुंबईच्या एका चित्रकलेच्या कॉलेजची प्रवेशपरीक्षा द्यायचं ठरवलं. सगळ्यांना सांगून झाल्यावर मला सांगितलं. तो मला भ्यायला लागला होता, हे आज कळतं. परीक्षेच्या आदल्या दिवशी पेणच्या स्टँडवर मी त्याला म्हणालो, "उद्या तू मुंबईची गाडी धरलीस तर मी कुंडलिकेच्या पुलावर असेन." आणि रोह्याला निघून आलो.

सकाळी तो मुंबईची एसटी सोडून रोह्याच्या एसटीने आला. खांद्यावर ब्रशांची पिशवी तशीच होती. मी पुलाच्या कठड्यावर बसलो होतो, खाली नदी दुथडी भरलेली. खरंच उडी घेतली असती का, हे मला अजून सांगता येत नाही. तो धावला नाही, ओरडलाही नाही.

"उतर, मधू. नाय जात मी."

"कधीच?"

"कधीच नाय. उतर आता, लोक बघतायत."

मी उतरलो. स्टँडवर आम्ही उसळपाव खाल्ला. त्याने अर्धा पाव टाकला, तोही मी खाल्ला. मला फार आनंद झाला होता. हे लिहायला नको वाटतं, पण झाला होता.

घरी त्याने सांगितलं, आखणीला माणूस नाय. वडील म्हणाले, "मग हे दोघं काय हजामती करतात?" तरी तो तेच सांगत राहिला. माझं नाव त्याने कुणापुढे काढलं नाही. दर गुरुवारी काम उरकून रोह्याला यायचा, मी धड आहे ना ते बघायला. पुढच्या वर्षी त्याने फॉर्म भरला नाही, आणि मीही विचारलं नाही.

मग मला कंपनीत नोकरी लागली. शिफ्टमधले मित्र झाले, लग्न झालं, आणि ते सगळं वेड ताप उतरावा तसं उतरून गेलं. ज्याच्यासाठी मी मरायला निघालो होतो, त्याचा मला कंटाळा यायला लागला. एका गुरुवारी दारात त्याचा आवाज आला, तेव्हा मी आत पलंगावर पडलो होतो. बायकोला खुणेने सांगितलं, घरी नाही म्हण. माझ्या चपला उंबऱ्यापाशीच होत्या.

"बरा हाय ना तो, वैनी?" त्याने विचारलं.

"बरे आहेत."

"मग झालं."

त्यानंतर तो आला नाही. पुढे दोन्ही भाऊ नोकरीला लागले, आणि आखणीला खरोखरच दुसरा माणूस उरला नाही. त्याचं खोटं असं खरं झालं, आणि तेच शोकसभेपर्यंत पोचलं.

तो जायच्या आधी, गेल्या आषाढात मी ठरवून जोह्याला गेलो होतो. आमच्याकडे घरचा पाट कारखान्यात नेऊन देतात, त्यावर गणपतीची मूर्ती बसवतात. रिकाम्या हाताने जायचा धीर होत नव्हता, म्हणून पाट काखेत घेतला. यशवंत एका मूर्तीचे डोळे आखत होता. आखणारा तेव्हा श्वास रोखून धरतो, कुणी बोलत नाही. मी उभा राहिलो. दुसरा डोळा झाला, ब्रश पाण्यात गेला, आणि त्याने चष्म्यावरून पाहिलं.

"काय मधू, वाट चुकलास?"

वाक्य मी घरून जुळवून नेलं होतं. यशा, मी तुला अडवलं आणि नंतर वळूनही पाहिलं नाही, मला माफ कर. एवढंच होतं...

"पाट आणलाय," मी म्हणालो.

"दिसतोय. केवढी करू?"

"दीड फूट."

त्याने पाट उलटा केला, मागे खडूने माझं नाव घातलं आणि खडू हातात धरून बसून राहिला. दुसरी मूर्ती समोर ओढली नाही.

"आनखी काय बोलायचंय?" त्याने विचारलं.

"नाही," मी म्हणालो. "एवढंच."