उष्ट्या सालींचा मुरांबा

मला उष्टं चालत नाही. कुणाचंच नाही. सख्ख्या भावाच्या कपातला चहासुद्धा नाही. आणि माझ्याच घरात, ओट्याखाली, उन्हाळाभर कलिंगडाच्या उष्ट्या सालींची बादली असायची. शी!

बादली वहिनीची. वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको, नर्सेसच्या वसतिगृहात बावीस वर्षं स्वयंपाकीण. उन्हाळ्यात तिथे दुपारच्या जेवणानंतर कलिंगड द्यायचे. चाळीस पोरी लाल लाल खाऊन साली ताटात टाकायच्या आणि त्या साली आमची वहिनी बादलीत भरून, वर फडकं बांधून, दोन चौक चालत घरी आणायची. प्रत्येक सालीवर दातांच्या खुणा. कुणाचे दात पुढे, कुणाच्या दातांत फट, सगळं त्या सालीवर वाचता यायचं.

"एवढा पांढरा गर फेकायचा म्हणजे पाप आहे गं," ती म्हणायची.

"ते पाप मला लागू दे, पण तू फेक!" मी म्हणायचे. ऐकेल तर शपथ.

माझी नोकरी ड्रायक्लीनिंगच्या दुकानात. आलेला कपडा उलगडायचा, डाग कशाचा ते ओळखायचं आणि चिठ्ठी लावायची. दिवसभर परक्यांच्या काखा, कॉलरी, सांडलेली आमटी आणि त्याहून नको ते. संध्याकाळी घरी यावं तर ओट्यावर मुंग्यांची रांग, लाल पाण्याचे ओघळ, आणि वहिनी पाटावर बसून दात लागलेला भाग सुरीने तासतेय. तो तासला की साल स्वच्छ झाली, असं तिचं शास्त्र. मी नाकाला रुमाल लावून आत जायचे. दादा पेपर वाचत बसायचा. दोन बायकांच्या मध्ये पडायचं नाही, हे तो लग्नानंतर आठवडाभरातच शिकला होता.

हिरवी पाठ सोलायची, पांढऱ्या गराच्या बोटभर फोडी करायच्या आणि त्या रात्रभर चुन्याच्या निवळीत ठेवायच्या. खायचा चुना पाण्यात कालवून खाली बसला की वरचं नितळ पाणी, तीच निवळी. तिने फोडी कडक होतात, पाकात शिजून लगदा होत नाही. पण सकाळी तो चुना धुऊन काढावा लागतो. एक पाणी, दोन पाणी, पाच पाणी. कधी पाचांत निघतो, कधी सातांत. साल किती जाड, चुना किती जहाल, त्यावर आहे. डोळ्यांना काही दिसत नाही. एकच उपाय, फोड चावून बघायची.

गेली दोन वर्षं ती फोड वाटीत घालून वहिनी माझ्यापुढे उभी राहायची. "बघ गं, चुन्याची चव राहिली नाही ना?"

दादाला साखरेचा आजार, त्याला पाक वर्ज्य. पण ही तर पाकाआधीची फोड. मग त्याला का नाही विचारत? मलाच का? मी म्हणायचे, हिला मला माणसात आणायचंय, दुसरं काय. वाटी घ्यायची, खिडकीकडे तोंड करायचं, फोड रुमालात, जबडा हलवायचा आणि म्हणायचं, "छान आहे." सुटले. बरण्या शेजारीपाजारी जायच्या, वसतिगृहातल्या पोरींना जायच्या, आणि सगळे तोंडभर वाखाणायचे. वहिनी पाचांऐवजी सहा पाणी देई, ते निभावून गेलं. मी दोन वर्षांत एक फोड जिभेला लावली नाही.

यंदा वसतिगृहाचं स्वयंपाकघर बाहेरच्या ठेकेदाराला द्यायचं घाटत होतं. शनिवारी समिती येणार, नाश्ता करणार आणि ठरवणार. वहिनीचा जीव टांगणीला लागला. ती चूल म्हणजे तिचं राज्य. घरी ती कुणाची बायको, कुणाची वहिनी. तिथे मात्र वॉर्डनबाईसुद्धा तिला विचारून पातेलं हलवायच्या. ती चूल गेली तर ही बाई दिवसभर घरात बसून काय करेल, हे मला दिसत होतं. त्यात तिच्या डोक्यात आलं, की समितीला पावावर सालींचा मुरांबा द्यायचा. "ठेकेदार काय, डबा फोडून जॅम देईल. हे त्याला जमणार आहे का?"

दुप्पट साली आल्या. दोन बादल्या! मोरी, ओटा, माझा कपडे धुवायचा टब, सगळीकडे चुन्यात बुडलेल्या फोडी. मी तो टब नंतर तीन वेळा घासला. शुक्रवारी सकाळी वहिनी वाटी घेऊन आली.

"नीट चाव हं. यंदा चुना नव्या दुकानातला आहे. उद्या सगळं याच्यावरच आहे."

मला दुकानात जायची घाई. आणि त्या फोडीच्या कडेला तासायची राहिलेली एक खाच दिसली. दाताची. अंगावर काटा आला. खिडकी, रुमाल, जबडा.

"मस्त. चुना अजिबात नाही."

"खात्रीने?"

"आता काय लिहून देऊ?"

ती हसली आणि पाक करायला गेली. मी रुमाल दुकानाच्या कचरापेटीत झटकला.

शनिवारी वाढायला तिने मला मदतीला नेलं. लांब टेबल, पांढऱ्या चादरी, समितीची पाच माणसं. एका निवृत्त डॉक्टरीणबाईंनी पावाचा घास घेतला, चावायच्या थांबल्या आणि रुमाल तोंडाला लावला. ती हालचाल मी ओळखली. माझीच होती ती.

"बाई, यात घातलंय काय?" अध्यक्ष तोंड वाकडं करून म्हणाले. "भिंत चाटल्यासारखं लागतंय!"

वहिनीने चमचाभर मुरांबा घेतला. चावला. सगळे तिच्याकडे बघत होते. ती परत चावत राहिली, शोधत असल्यासारखी. मग हळूच म्हणाली, "मला तर बरा लागतोय."

डॉक्टरीणबाईंनी रुमाल खाली ठेवला आणि विचारलं, "तुम्हाला चव लागते का हो?"

वहिनीने चमचा खाली ठेवला आणि ताटं उचलायला घेतली. दुपारपर्यंत ठेकेदाराचं नक्की झालं.

घरी आल्यावर तिने उरलेल्या बरण्या ओट्यावर मांडल्या.

"मागे मोठा ताप आला होता ना मला, त्यात चव गेली," ती म्हणाली. "वासही गेला. दोन वर्षं झाली. मीठमसाला हाताला पाठ आहे, त्यावर निभलं. हा मुरांबा तेवढा हाताला कळत नाही."

"अगं, मग मला सांगायचं होतंस!"

"स्वयंपाकिणीने सांगायचं, चव गेली म्हणून? आणि विचारत तर होते तुला. तुझा दादा माझं मन राखायला दगडालाही गोड म्हणेल. या घरात तोंडावर बोलणारी तू एकटी. वाईट असेल तर तू सोडायची नाहीस, म्हणून तर तुझ्याकडे यायचे."

इतकी वर्षं मी लोकांच्या डागांना नाक मुरडलं. त्या क्षणी मला स्वतःची जितकी शिसारी आली, तितकी कुठल्याही बादलीची आली नव्हती. रुमालाचं सांगायचं सोडून मी ओट्याशी गेले. बरणी उघडली, फोड काढली आणि तोंडात टाकली. थुंकावंसं वाटलं. चावली, गिळली.

"कसा लागतो?" वहिनीने विचारलं. टोमणा नव्हता. तिला खरंच माहीत करून घ्यायचं होतं.

"घाण," मी म्हटलं. "कडवट. नुसता चुना."

तिने मान हलवली आणि बरणीचं झाकण लावलं.

"म्हणजे अजून दोन पाणी द्यायला हवी होती," ती म्हणाली.