बिनशिंगी

पोळा उद्यावर आला म्हणून कोपरीच्या बाजारात मातीचे बैल घेत होते. एकाला शिंगंच नव्हती. विकणारी बाई म्हणाली, "ताई, तो तुटलाय, दुसरा घ्या." हातातल्या ओलसर मातीचा वास आला आणि मी थेट लहानपणच्या चाळीत पोचले, शेजारच्या फौजी काकांच्या दारात.

काका मूळचे मराठवाड्यातले. सैन्यात खेचरं सांभाळायचे. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी ते पाटावर मातीचे बैल मांडत होते. त्यात एक बिनशिंगी होता, लांब कानांचा.

"काका, याची शिंगं मोडली?"

"अगं, हे खेचर आहे. लढाईत माझ्यासोबत होतं. गोळीबारात माझ्या हातून दोर सुटला, तरी पाठीवरचा दारूगोळा घेऊन एकटंच वरच्या चौकीवर पोचलं. पुढे साहेबांनी सगळ्यांसमोर त्याला मानाची झूल घातली."

"मान दिलेला त्याला कळला?"

काका हसले. "काय की बाई! झूल तर त्यानं अंग झटकून पाडली."

मग गावाकडे बैलांना बोलावतात तसं ते त्या मातीच्या कानात म्हणाले, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या." आणि स्वतःचा कान त्याच्या तोंडाशी नेला. मला हसू फुटलेलं. माती काय बोलणार?

बाजारातला तोच बिनशिंगी घेऊन मी घरी आले. संध्याकाळी त्याच्या कानात आवतण दिलं, घरात कुणी बघत नाही ना ते पाहिलं, आणि हळूच कान लावला.